व्हिएन्नातले पांढरे घोडे: स्पॅनिश रायडिंग स्कूलचा खेळ कसा पाहावा

व्हिएन्नाला जाणाऱ्या मराठी मंडळींच्या यादीत शोनब्रुनचा राजवाडा असतो, स्टेफान्सडोम असतो, कॉफी आणि केक तर असतोच. स्पॅनिश रायडिंग स्कूल, म्हणजे पांढऱ्या घोड्यांना शास्त्रशुद्ध चाली शिकवणारी घोडेस्वारीची जुनी शाळा, मात्र 'वेळ उरला तर' या रकान्यात पडतं. जे जातात त्यांतलेही बरेच जण अर्ध्या तासात चुळबुळायला लागतात. घोडे उड्या कधी मारणार याचीच वाट पाहत बसलेले असतात. उड्या येतात, त्याही मोजक्या, दोन-चार सेकंदांत संपतात आणि मग वाटतं, एवढ्यासाठी इतके पैसे मोजले?

ख्यालाच्या मैफिलीत फक्त द्रुत तानांची वाट पाहत बसलं तर विलंबित कंटाळवाणंच वाटणार. इथेही तसंच आहे. या कलेचा जीव उडीत नसून उडीआधीच्या संथ चालींत आहे. ते पाहता यावं म्हणून तिकीट काढण्यापासून ते नजर कुठे ठेवायची इथपर्यंत सगळं क्रमाने सांगतो.

आधी थोडी ओळख

नाव 'स्पॅनिश' असलं तरी शाळा ऑस्ट्रियाची. सोळाव्या शतकात ऑस्ट्रियावर राज्य करणाऱ्या हाब्सबुर्ग घराण्याने स्पेनमधून घोडे आणवले, कारण त्या काळी युरोपभर स्पॅनिश घोड्यांसारखे चपळ, मानी आणि शिकायला हुशार घोडे दुसरे नाहीत असं मानलं जाई. व्हिएन्नात अशा घोड्यांसाठीच्या 'स्पॅनिश' रिंगणाचा लेखी उल्लेख १५७२ सालचा सापडतो. १५८० मध्ये आर्चड्यूक चार्ल्स (दुसरा) याने ट्रिएस्टजवळच्या लिपित्सा गावात घोड्यांच्या पैदाशीचं केंद्र उभारलं. लिपित्सा आज स्लोव्हेनियात आहे. त्या गावावरून या जातीला लिपिझान किंवा लिपिझानर म्हणतात.

आपण ज्या सभागृहात बसतो ते सम्राट चार्ल्स सहावा याने बांधून घेतलं. योझेफ एमानुएल फिशर फॉन एर्लाख हा वास्तुकार, आणि बांधकाम १७२९ ते १७३५. रिंगण साधारण ५५ मीटर लांब, १८ मीटर रुंद, छत १७ मीटर उंच. ४६ खांबांनी पेललेले सज्जे, वर झुंबरं, सगळं पांढरंशुभ्र. १८४८ च्या क्रांतीनंतर ऑस्ट्रियाची पहिली निवडून आलेली संसद याच वाळूवर बसली होती.

घोड्यांची नावं समजून घ्या, कार्यक्रमपत्रिका वाचायला मजा येते. प्रत्येक नराला दोन नावं असतात. पहिलं वडिलांच्या घराण्याचं, दुसरं आईचं. मूळ घराणी सहा: प्लुटो, कॉन्व्हर्सानो, मॅस्तोसो, फाव्होरी, नेआपोलितानो आणि सिग्लाव्ही. यातला पहिला, प्लुटो, १७६५ मध्ये जन्मलेला डेन्मार्कचा घोडा, आणि शेवटचा, सिग्लाव्ही, १८१० मध्ये जन्मलेला अरबी. इथले लिपिझान नर साधारणपणे या सहांपैकी एकाचं नाव घेऊन रिंगणात येतात.

आणि एक गोष्ट, जी ऐकून मुलं हमखास चकित होतात: ही शिंगरं जन्मतः काळी किंवा गडद तपकिरी असतात. वर्षागणिक केस पांढरे होत जातात, आणि पूर्ण पांढरं व्हायला साधारण सहा ते दहा वर्षं लागतात. कातडी शेवटपर्यंत काळीच राहते, नाकपुड्यांजवळ नीट पाहिलंत तर दिसते. क्वचित एखादा घोडा आयुष्यभर तांबूस-तपकिरी राहतो. असा एकतरी घोडा शाळेत असावा अशी परंपरा आहे, तो शुभ मानतात. रांगेत एक 'वेगळा' दिसला तर तो हाच.

तिकीट कशाचं काढायचं

प्रकार मुख्यत्वे तीन. पहिला, पूर्ण कार्यक्रम, जो बहुधा शनिवार-रविवारी असतो. दुसरा, सकाळचा सराव, आठवड्याच्या मधल्या दिवसांत, साधारण दहाच्या सुमारास, पार्श्वसंगीतासह. तिसरा, गाईडबरोबर तबेला आणि सभागृह दाखवणारी फेरी. वेळापत्रक महिन्यागणिक बदलतं, आणि उन्हाळ्यात घोडे आळीपाळीने लोअर ऑस्ट्रियातल्या हेल्डेनबर्ग इथे विश्रांतीला जातात. त्यामुळे विमानाचं तिकीट काढण्याआधीच शाळेच्या अधिकृत संकेतस्थळावर तुमच्या तारखा तपासा.

माझा सल्ला सरळ आहे. एकदाच जाणार असाल तर पूर्ण कार्यक्रम पाहा. दोन सकाळी हाताशी असतील तर आधी सराव पाहा आणि मग कार्यक्रम. फक्त सरावाचं तिकीट काढून 'शो' पाहायला गेलेले लोक नाराज होऊन परततात, कारण सराव हा खराच सराव असतो. एखादा स्वार वीस मिनिटं नुसती चाल सुधारत बसतो, उड्या दिसतीलच याची हमी नाही. पण ज्याला शिकवण्याची प्रक्रिया पाहायची आहे, त्याच्यासाठी त्या वीस मिनिटांइतकं मोलाचं तिथे दुसरं काही नाही. गाईडची फेरी लहान मुलं बरोबर असतील तर जरूर घ्या. श्टालबुर्ग या तीनमजली कमानींच्या जुन्या वाड्यात, प्रत्येकाच्या गव्हाणीवर नावाची पाटी असलेले घोडे जवळून बघायला मिळतात.

फोटो आणि व्हिडिओ कार्यक्रमात चालत नाहीत. याचा राग मानू नका, फोन खिशात गेल्यावरच डोळे उघडे राहतात.

जागा कशी निवडावी

शाळेचा पत्ता मिखाएलरप्लाट्झ १, भुयारी रेल्वेच्या यू३ मार्गावरचं हेरनगासे स्थानक जवळचं. तिकिटाच्या नकाशात जागा निवडताना दोन गोष्टी पाहा. लांब बाजूला बसलात तर घोडा बाजूने दिसतो, म्हणजे पाठीची कमान, मागचे पाय पोटाखाली किती येतात, उडीतली उंची, सगळं कळतं. आखूड बाजूला बसलात तर घोडा समोरून येतो, तो किती सरळ चालतो आणि तिरप्या चालीत पाय कसे ओलांडतो ते दिसतं. पहिल्यांदा जाणाऱ्याने लांब बाजू घ्यावी. वरच्या सज्जातून शेवटच्या सामूहिक कवायतीची नक्षी छान दिसते, पण बारकावे हरवतात. स्वस्त जागांपैकी काही खांबाआड असतात, तिकिटावर तशी सूचना असते, ती वाचून घ्या.

अर्धा तास आधी पोहोचा आणि थेट आत शिरू नका. तबेला आणि सभागृह यांच्या मधून राइटशूलगासे ही गल्ली जाते आणि घोडे ती ओलांडून येतात. तिकीट न काढता, दोन हातांवरून लिपिझान पाहायला मिळण्याची ही जागा. पाहिल्यावर पहिल्यांदा कळतं की घोडा उंच नाही. खांद्याशी साधारण १५० ते १५८ सेंटिमीटर. पण मान जाड, पाठ रुंद, मागचा भाग दणकट. पुढचं सगळं त्या मागच्या भागावर अवलंबून आहे.

नजर कुठे ठेवायची

कार्यक्रम सुरू होतो तो नमस्काराने. स्वार ओळीने आत येतात, तपकिरी कोट, पांढरी विजार, गुडघ्यावर चढणारे काळे बूट, दोन टोकांची टोपी. सम्राट चार्ल्स सहावा याच्या भिंतीवरच्या चित्रासमोर थांबून ते टोपी काढतात. राजेशाही १९१८ मध्येच संपली, पण ज्याने हे छप्पर दिलं त्याला वंदन करण्याची रीत चालू आहे. स्वारांच्या हातात चामड्याचा चाबूक नसतो, बर्चच्या झाडाची साधी फांदी असते. आणि कोटाच्या मागच्या शेपटीत एक चोरखिसा असतो, त्यात साखरेचे खडे. हात मागे जाताना दिसला की समजा, घोड्याने काहीतरी मनासारखं केलं आहे.

आता तीन गोष्टी लक्षात ठेवा आणि कार्यक्रमभर त्याच पाहत राहा.

एक, मागचे पाय. घोडा मुळात आपलं वजन पुढच्या पायांवर जास्त टाकतो. पाठीवर माणूस बसला की ते आणखी पुढे सरकतं. सगळं शिक्षण हे वजन हळूहळू मागे नेण्यासाठी असतं. मागचे पाय पोटाखाली येतात, मागचे सांधे वाकतात, ढुंगण किंचित खाली जातं आणि पुढचा भाग हलका होऊन वर उचलला जातो.

दोन, तोंड. लगाम सैलसर, ओठ शांत, जबडा हळूच चावल्यासारखा हलतो, ओठांवर थोडा पांढरा फेस. हे चांगलं लक्षण. तोंड उघडं, जीभ बाहेर, दात करकर वाजतायत, हे वाईट.

तीन, स्वार. त्याने काय केलं हे दिसायला नको. चांगल्या स्वाराची कंबर घोड्याबरोबर वाहते आणि हात जागच्या जागी राहतो. इथे नव्या स्वाराला आधी कितीतरी काळ लांब दोरीवर गोल फिरणाऱ्या घोड्यावर रिकीब आणि लगाम न देता बसवतात, नुसतं बसायला शिकावं म्हणून. पूर्ण स्वार व्हायला साधारण आठ ते बारा वर्षं जातात. शिकवण्याची पद्धत अशी की नवशिका माणूस जुन्या घोड्याकडून शिकतो आणि नवशिका घोडा जुन्या माणसाकडून. मुलींना इथे प्रवेश मिळाला तो थेट २००८ साली, आणि हा उशीर या परंपरेला शोभला नाही असं मला वाटतं.

कार्यक्रमातले टप्पे

सुरुवातीला बहुधा तरुण घोडे येतात, अजून राखाडी किंवा काळपट. हा भाग लोक दुर्लक्षून सोडतात. तुम्ही मन लावून पाहा, म्हणजे नंतर फरक कळेल. हे घोडे साधारण चार वर्षांचे असताना ऑस्ट्रियाच्या श्टायरमार्क प्रांतातल्या पिबर गावच्या पैदास केंद्रातून इथे येतात. पहिलं वर्ष फक्त सरळ पुढे चालणं: चाल, दुडकी, कँटर (तीन ठोक्यांची संथ धाव). लिपिझान उशिरा वयात येणारी जात आहे, म्हणून घाई नाही. दुसऱ्या टप्प्यात वळणं, गोल, बाजूला सरकणं. तिसऱ्यात 'हाय स्कूल', म्हणजे वरच्या इयत्तेची कला. सगळं मिळून सहाएक वर्षं. मोबदल्यात हे घोडे विशीपर्यंत काम करतात.

मग मुरलेले घोडे येतात आणि एकेक चाल उलगडते. तिरप्या चालीत घोडा ज्या दिशेला जातो त्याच दिशेला मान वळवून पाय ओलांडत सरकतो. कँटरमध्ये पाय बदलण्याचा प्रकार आहे, त्यात प्रत्येक ढांगेला पुढे पडणारा पाय बदलला की घोडा लंगडी-उडी खेळतोय असं वाटतं. पिरुएत म्हणजे जवळजवळ जागच्या जागी कँटरमध्ये गोल फिरणं. पॅसाज म्हणजे संथ, तरंगती दुडकी, पाय वर गेल्यावर क्षणभर थांबल्यासारखा.

आणि पियाफ. यावर थोडं थांबतो, कारण हीच सगळ्याची कसोटी. पियाफ म्हणजे जागच्या जागी दुडकी. समोरचा उजवा आणि मागचा डावा पाय एकत्र उचलला जातो, मग दुसरी जोडी. पुढचा पाय बराच वर जातो, मागचा मात्र जेमतेम. कान देऊन ऐकलंत तर वाळूवर दोन-दोन पायांचा एकच ठोका ऐकू येतो, समान अंतराने. ठोका फाटला, चार वेगळे आवाज आले, की तोल गेला. घोड्याची पाठ ताणलेल्या धनुष्यासारखी नसावी, ती वर उचललेली आणि हलती असावी. शेपूट ढिली, लयीत डुलणारी.

आपल्याकडे नंदुरबारच्या सारंगखेड्याला दत्तजयंतीच्या यात्रेतल्या घोडेबाजारात ढोलाच्या तालावर पाय उचलणारे घोडे अनेकांनी पाहिले असतील. पायांची हालचाल पियाफसारखी दिसते. फरक पाहायचा तो पाठीत. तिथल्या नाचात बऱ्याचदा मान ताठ वर आणि पाठ दबलेली असते, जोर पुढच्या पायांवर. पियाफमध्ये जोर मागच्या सांध्यांवर असतो, म्हणूनच तिथून पुढची उडी शक्य होते. एकदा हा फरक डोळ्यांना सवयीचा झाला की घोड्याचं कुठलंही 'नृत्य' तुम्ही वेगळ्या नजरेने बघाल.

सभागृहाच्या मधोमध दोन खांब रोवलेले दिसतील. त्यांच्यामध्ये घोड्याला बांधून पियाफ शिकवण्याची रीत फ्रान्सच्या तेराव्या लुईचा घोडेस्वारी-शिक्षक प्ल्युव्हिनेल याच्या काळापासूनची. पण व्हिएन्नाच्या पद्धतीचा खरा पाया घातला तो पुढच्या शतकातल्या फ्रेंच गुरूने, फ्राँस्वा रोबिशाँ द ला गेरिनियेर याने. घोड्याला शांतपणे, टप्प्याटप्प्याने, शरीर मोकळं करत शिकवायचं ही त्याची दिशा. त्याहून मागे गेलात तर ख्रिस्तपूर्व चौथ्या शतकातला अथेन्सचा झेनोफोन. जबरदस्तीने करवून घेतलेली गोष्ट घोड्याला कळतही नाही आणि ती सुंदरही दिसत नाही, जसं नर्तकाला चाबूक मारून नाचवलं तर होईल तसं, असं त्याने लिहून ठेवलं आहे.

यानंतर उड्या. आधी बहुधा स्वार जमिनीवर उभा राहून, आखूड लगाम धरून घोड्याला काम करायला लावतो. घोडा पियाफ करत करत आवळत जातो, मागचे पाय पोटाखाली, ढुंगण खाली. मग तीन प्रकार. लेव्हाद: पुढचे पाय दुमडून घोडा मागच्या पायांवर उठतो, ४५ अंशांपेक्षा कमी कोनात, आणि काही सेकंद स्थिर राहतो. सर्कशीत घोडे ज्या प्रकारे सरळ उभे राहतात त्याच्याशी याची गल्लत करू नका. उभं राहणं सोपं, वाकलेल्या सांध्यांवर शरीर तोलून थांबणं फार अवघड. कुर्बेत: मागच्या पायांवर उठून, पुढचे पाय जमिनीला न लावता पुढे उड्या. कॅप्रिओल: घोडा पूर्ण हवेत, शरीर जमिनीला समांतर, आणि त्या क्षणी मागच्या पायांची सणसणीत लाथ. हे सगळं स्वार पाठीवर बसूनही करतात, तेव्हा रिकिबीत पाय नसतात.

गाईड सांगतात की या उड्या रणांगणावर शत्रूला लाथाडण्यासाठी होत्या. मला ते पटत नाही. गर्दीत घोड्याचं पोट उघडं टाकणारी उडी कुठला शिपाई मारेल? एवढं मात्र खरं की घोडे कुरणात खेळताना आणि भांडताना अशा उड्या आपोआप मारतात. शाळेने त्या मागितल्याबरोबर, शांतपणे द्यायला शिकवलं. प्रत्येक घोड्याला उड्या जमत नाहीत. ज्याला ज्या उडीची उपजत ओढ दिसते त्याला तेवढीच शिकवतात, आणि ज्याला नाही त्याला बळजबरी नाही.

लांब लगामाचा भाग शांत आहे, स्वार घोड्याच्या मागे चालत सगळ्या चाली करून घेतो. शेवटी आठ घोड्यांची सामूहिक कवायत. इथे एकट्या घोड्याकडे पाहू नका, दोन घोड्यांमधलं अंतर पाहा, वळणावर ते राहतं का ते.

ऑलिंपिकमधलं ड्रेसाज आणि हे

ड्रेसाज म्हणजे घोड्याला शिकवलेल्या चालींची स्पर्धा. मुळं एकच, फांद्या दोन. स्पर्धेत २० बाय ६० मीटरचं रिंगण, पंच शून्य ते दहा गुण देतात, पियाफ आणि पॅसाज सर्वोच्च पातळीला असतात, पण उड्या नसतात. २०२३ च्या हांगझोऊ आशियाई स्पर्धेत भारताच्या ड्रेसाज संघाने सुवर्ण जिंकलं, घोडेस्वारीतलं ४१ वर्षांनंतरचं पहिलं. त्या चौघांत मुंबईचा हृदय छेडा होता. पुढच्या वर्षी पॅरिसमध्ये अनुश अगरवाला ऑलिंपिक ड्रेसाजमध्ये उतरणारा पहिला भारतीय ठरला. हे सामने ऑनलाइन पाहताना वर सांगितलेल्या तीन गोष्टी लावून बघा. खास करून कपाळापासून नाकापर्यंतची रेघ पाहा. ती जमिनीला काटकोनात किंवा थोडी पुढे असावी. नाक छातीकडे ओढलेलं दिसलं तर गुण कितीही मिळोत, मला ते मान्य नाही.

ही परंपरा वाचली कशी

एवढं माहीत असलं तर सभागृहात बसल्यावर वेगळं वाटेल. दुसऱ्या महायुद्धात पैदाशीच्या घोड्या नाझी जर्मनीने चेक प्रदेशातल्या होस्टाऊ इथे नेल्या होत्या. शाळेचे प्रमुख अलोइस पोधायस्की, जे १९३६ च्या बर्लिन ऑलिंपिकमध्ये ड्रेसाजचं कांस्य जिंकले होते, त्यांनी १९४५ च्या सुरुवातीला नर घोडे व्हिएन्नाबाहेर सांक्ट मार्टिन इथे हलवले. २८ एप्रिल १९४५ रोजी अमेरिकन घोडदळाच्या परंपरेतल्या, पण आता चिलखती गाड्यांवर असलेल्या तुकडीने होस्टाऊ ताब्यात घेतलं, आणि तिथल्या जर्मन अधिकाऱ्यांनीच घोडे वाचावेत म्हणून अमेरिकनांशी संधान बांधलं होतं. ७ मे रोजी पोधायस्कींनी अमेरिकन सेनापती जनरल पॅटन यांच्यासमोर कार्यक्रम केला आणि संरक्षण मागितलं. पॅटन स्वतः १९१२ च्या ऑलिंपिकमध्ये आधुनिक पेंटाथलॉन (घोडेस्वारीसह पाच खेळांची स्पर्धा) खेळलेले, घोड्यांचे जाणकार. त्यांनी होकार दिला. शाळा व्हिएन्नात परतली ती १९५५ मध्ये. २०१५ साली युनेस्कोने तिची घोडेस्वारी अमूर्त वारशाच्या यादीत घेतली, आणि २०२२ मध्ये लिपिझान पैदाशीची परंपरा आठ देशांच्या नावे.

पुढे जायचं असेल तर

एक दिवस हाताशी असेल तर ग्राझमार्गे पिबरला जा. वसंतात आईच्या पांढऱ्या अंगाला चिकटून काळी शिंगरं उभी असतात, आणि उन्हाळ्यात तरुण नर डोंगरावरच्या कुरणांत चरायला नेतात, तिथेच त्यांचे पाय आणि फुप्फुसं तयार होतात. इटलीच्या बाजूने फिरणार असाल तर ट्रिएस्टहून लिपित्सा अगदी जवळ आहे, मूळ पैदास केंद्र आजही चालू आहे. स्पेन-पोर्तुगालचा बेत असेल तर हेरेझची शाळा आणि लिस्बनची शाळा, फ्रान्समध्ये सोम्यूरचा काद्र नुआर हा स्वारांचा चमू. व्हिएन्ना धरून चारही ठिकाणी पोशाख, घोड्यांच्या जाती आणि बाज निराळे. व्हिएन्ना पाहून झाल्यावर हेरेझला जा, तिथल्या आंदालुसियन घोड्यांत लिपिझानच्या स्पॅनिश पूर्वजांचा बांधा ओळखता येतो.